जळगाव व एरंडोल लोकसभा पोटनिवडणुका, 2007
संसदेने सदस्य निष्कासित केल्यामुळे, म्हणजे सभागृहाच्या ठरावाने त्यांचे सदस्यत्व संपुष्टात आणल्यामुळे, रिक्त झालेल्या जळगाव जिल्ह्यातील दोन जागांसाठी झालेल्या निवडणुका. प्रश्न विचारण्यासाठी पैसे घेताना काही खासदारांचे गुप्त चित्रीकरण 12 डिसेंबर 2005 रोजी दूरचित्रवाणीवर दाखवले गेले. पवनकुमार बन्सल यांच्या अध्यक्षतेखालील लोकसभा समितीच्या चौकशीनंतर 23 डिसेंबरला लोकसभेचे दहा सदस्य निष्कासित झाले; त्याच दिवशी राज्यसभेनेही आपला एक सदस्य निष्कासित केला. लोकसभेच्या दहांत भारतीय जनता पक्षाचे वाय. जी. महाजन (जळगाव) आणि अण्णासाहेब एम. के. पाटील (एरंडोल) होते.

अशा प्रसंगी राजीनाम्याची वाट मुंबईच्या सराफा संघटनेकडून लाभ घेतल्याचा ठपका आलेले खासदार एच. जी. मुद्गल यांनी 1951 मध्ये धरली होती. तरीही, निष्कासन टाळण्यासाठीच तो राजीनामा दिल्याचे सांगून पहिल्या सार्वत्रिक निवडणुकांपूर्वीच्या हंगामी संसदेने त्यांच्या वर्तनाचा निषेध केला. ब्रिटनमध्ये बनावट खर्च-पावत्यांच्या प्रकरणी खासदार डेनिस मॅकशेन यांनी 2012 मध्ये राजीनामा दिला आणि त्याच महिन्यात त्यांच्या रॉदरहॅम मतदारसंघाची पोटनिवडणूक उरकली. जळगावकरांना मात्र दीर्घ काळ प्रतिनिधीविना राहावे लागले.

सर्वोच्च न्यायालयाने 10 जानेवारी 2007 रोजी या निष्कासनाला आव्हान देणाऱ्या राजा राम पाल खटल्यात, चार विरुद्ध एक अशा बहुमताने, संसदेचा निष्कासनाधिकार मान्य केला. त्याच वर्षीच्या पोटनिवडणुकांत जळगाव हरिभाऊ जावळे यांनी भाजपकडे राखले, तर एरंडोल राष्ट्रवादी काँग्रेसच्या वसंतराव मोरे यांनी जिंकले. कलंक एकच असूनही कौल वेगळा पडला, हे लक्षणीय होय. मतदारसंघांच्या पुनर्रचनेत पुढे एरंडोल मतदारसंघ रद्द झाला.