म्युनिक, १९२३

परवा भाचीने आग्रहाने 'फुलमेटल अल्केमिस्ट: कॉन्करर ऑफ शाम्बाला' (२००५) दाखवला. ॲनिमे मालिकेचा पुढचा भाग. किमयेच्या जगातला एडवर्ड १९२३च्या म्युनिकमध्ये अडकलाय. हे जग त्याला आपलं वाटतच नाही, म्हणून इथल्या भानगडींशी देणंघेणं नाही. थूल सोसायटीला मात्र हिटलरच्या उठावासाठी त्याच्या जगातली ताकद हवीय.

८ नोव्हेंबरचा उठाव फसतो, सिनेमातही आणि इतिहासातही.

"सुटले बिचारे!" भाची म्हणाली. मी गप्प. हिटलरला शिक्षा पाच वर्षांची, सुटका डिसेंबर १९२४ मध्येच. १९३३ मध्ये चॅन्सलर! सिनेमातली नोआ रोमा आहे. नाझींनी पुढे लाखो रोमांना मारलं.

शेवटी एडवर्ड हेही जग आपलंच मानून इथेच राहतो. 'आपल्याला काय त्याचं' म्हणणारे तेव्हा खऱ्या म्युनिकमध्येही असतीलच की...