एका अक्षराचा फरक

पासपोर्ट क्रमांक १००९४०. रेडक्रॉसने तो १ जून १९५० रोजी इटलीतल्या जिनोआ शहरात दिला. नाव रिकार्दो क्लेमेंट, व्यवसाय तंत्रज्ञ, जन्मगाव बोल्झानो, जन्मसाल १९१३. फोटोत चष्मा लावलेला, गळ्याशी बो बांधलेला माणूस. नाव खोटं, गाव खोटं, वयातून सात वर्षं पुसलेली. हा अ‍ॅडॉल्फ आइशमन, जन्म झोलिंगेन, १९०६. युरोपभरच्या ज्यूंना आगगाड्यांत कोंबून मृत्युछावण्यांकडे धाडण्याचं काम त्याच्या कचेरीतून चाले. १४ जुलैला तो ब्युनॉस आयरिसला उतरला.

पुढची दहा वर्षं तो कुणाला सापडलाच नाही, असं आपण वाचत आलो. कागद तसं म्हणत नाहीत. पश्चिम जर्मनीच्या गुप्तचर खात्याचं १९५२ सालचं एक कार्ड २०११ मध्ये छापून आलं. आइशमन इजिप्तमध्ये नाही, अर्जेंटिनात ‘क्लेमेन्स’ या नावाने राहतो, आणि पत्ता तिथल्या एका जर्मन नियतकालिकाच्या संपादकाला ठाऊक आहे, असं त्यावर लिहिलंय. हुद्दा एक पायरी वरचा पडलाय आणि ‘क्लेमेंट’चं ‘क्लेमेन्स’ झालंय. पण शोधायचंच असतं तर एवढ्या चुकीने कोण अडलं असतं? मार्च १९५८ मध्ये हीच माहिती जर्मनांकडून सीआयएला मिळाली. तिथेही काही हललं नाही. ते टिपण उघड व्हायला २००६ उजाडलं.

हललं ते एका अंध माणसामुळे. लोथर हर्मन नाझींचा छळ सोसून अर्जेंटिनात आलेले. त्यांच्या मुलीची एका तरुणाशी ओळख झाली, आणि तो आपलं आडनाव बिनदिक्कत आइशमन सांगत होता. बापाने नाव बदललं, मुलांचं तसंच ठेवलं! हर्मननी हेसे राज्याचे महाअधिवक्ता फ्रिट्झ बाउअर यांना कळवलं. स्वतःच्या देशातल्या यंत्रणेवर बाउअर यांचा विश्वास नव्हता. १९५७ मध्ये त्यांनी ती माहिती इस्रायलला दिली. तिथेही आधी कुणाला ती पटेना, सान फर्नांदोच्या गारिबाल्दी रस्त्यावर आइशमनला पकडायला ११ मे १९६० उजाडला.

पासपोर्ट मात्र ब्युनॉस आयरिसच्या कोर्टात राहिला. नवऱ्याला पळवून नेल्याची फिर्याद करताना बायकोनेच तो हजर केला होता. २००७ मध्ये जुन्या फाइली चाळताना तो सापडला, तेव्हाही त्यावर नाव होतं रिकार्दो क्लेमेंट.