हाइंकेस, युप

हाइंकेस, युप : (९ मे १९४५ – ). जर्मन फुटबॉलपटू व प्रशिक्षक. मूळ नाव योझेफ. युरोपातील दुसरे महायुद्ध संपल्याच्या दुसऱ्याच दिवशी, नेदरलंड्सच्या सीमेजवळच्या म्योंशनग्लाडबाख या गावी, दहा अपत्यांच्या एका लोहार कुटुंबात त्यांचा जन्म झाला. तरुणपणी त्यांनी गिलाव्याचे काम शिकून घेतले. १९६४ मध्ये ते गावच्याच बोरूसिया म्योंशनग्लाडबाख या क्लबात दाखल झाले. पुढे खेळाडू म्हणून चार आणि प्रशिक्षक म्हणून चार अशी बुंडेसलिगा या जर्मन साखळी स्पर्धेची आठ विजेतेपदे त्यांच्या नावावर लागली. मैदानात आणि मैदानाच्या कडेला मिळून त्यांनी या स्पर्धेतील हजाराहून अधिक सामने पाहिले. चरित्रकोशांत त्यांची ओळख सहसा दोन सुट्या भागांत दिली जाते. आधी गेर्ड म्युलरच्या सावलीत राहिलेला आघाडीचा खेळाडू, मग उतारवयात यश मिळालेला प्रशिक्षक. ही विभागणी सोयीची आहे, पण तिच्यामुळे मुख्य गोष्ट नजरेआड होते. प्रशिक्षक हाइंकेस यांचे सर्वोत्तम संघ गोल न खाण्यात अव्वल होते, आणि ती शिकवण त्यांना गोलांचा पाऊस पाडूनही हातची गेलेल्या स्पर्धांनी दिली होती.

हेनेस वाइसवाइलर यांच्या हाताखाली ग्लाडबाखचा तरुण संघ १९६५ मध्ये बुंडेसलिगात आला. त्याच्या धावत्या, बेधडक खेळामुळे त्याला ‘शिंगरे’ हे टोपणनाव मिळाले. मधली तीन वर्षे (१९६७–७०) हाइंकेस हॅनोवरकडे होते. ती फारशी उल्लेखनीय नाहीत. ग्लाडबाखला परतल्यावर मात्र १९७१, १९७५, १९७६ आणि १९७७ असे चार वेळा ते विजेत्या संघात होते. १९७३ चा जर्मन चषक त्यांनी जिंकला, १९७३-७४ मध्ये म्युलरच्या बरोबरीने आणि पुढच्या मोसमात एकट्याने ते सर्वाधिक गोल करणारे खेळाडू ठरले. १९७५ च्या यूएफा चषकाच्या अंतिम फेरीत ट्वेंटेविरुद्ध त्यांच्याच मैदानावर ५-१ असा विजय मिळाला, त्यात हाइंकेस यांची हॅटट्रिक होती. बुंडेसलिगातील ३६९ सामन्यांत २२० गोल ही त्यांची एकूण कमाई. पश्चिम जर्मनीकडून ते ३९ सामने खेळले. १९७२ च्या युरोपीय आणि १९७४ च्या विश्वविजेत्या संघांत त्यांचा समावेश होता. दुखापतीमुळे विश्वचषकात मात्र त्यांच्या वाट्याला फार खेळ आला नाही.

या झळाळीच्या आत एक विचित्र धागा आहे. ऑक्टोबर १९७१ मध्ये ग्लाडबाखने मिलानच्या इंटरला ७-१ असे चिरडले, त्यात दोन गोल हाइंकेस यांचे होते. परंतु प्रेक्षकांतून आलेला एक डबा इंटरच्या बोनिन्सेन्याला लागला आणि तो निकालच रद्द झाला. मिलानमध्ये २-४ अशी हार आणि फेरसामन्यात ०-० अशी बरोबरी झाल्यामुळे ग्लाडबाख स्पर्धेबाहेर पडले. २९ एप्रिल १९७८ रोजी, खेळाडू म्हणून बुंडेसलिगातील अखेरच्या सामन्यात, त्यांनी बोरूसिया डॉर्टमुंडविरुद्ध पाच गोल केले आणि संघ १२-० ने जिंकला. तरीही विजेतेपद गोलफरकावर कोलोनला गेले. त्या मोसमाचा तक्ता नीट पाहावा असा आहे. दोन्ही संघांचे ४८ गुण, दोघांनीही नेमके ८६ गोल केलेले. कोलोनने खाल्ले ४१, ग्लाडबाखने ४४. बारा गोलांचा तो दिवस आठवणारे लोक हे तीन जादा गोल सहसा विसरतात.

उडो लाटेक यांचे वर्षभर सहायक राहून १९७९ मध्ये, वयाच्या चौतिसाव्या वर्षी, हाइंकेस ग्लाडबाखचे मुख्य प्रशिक्षक झाले. पुढची आठ वर्षे त्याच धाग्याची होती. १९८० च्या यूएफा चषकाच्या अंतिम फेरीत फ्रँकफुर्टला घरी ३-२ ने हरवून, परतीच्या सामन्यात ०-१ अशा हारीनंतर, प्रतिस्पर्ध्याच्या मैदानावरील गोलांच्या नियमाने चषक गेला. १९८४ मध्ये स्टुटगार्ट, हॅम्बुर्ग आणि ग्लाडबाख या तिघांचे गुण सारखे झाले. तिघांत सर्वाधिक गोल (८१) ग्लाडबाखचे होते आणि खाल्लेले गोलही (४८) त्यांचेच सर्वाधिक, म्हणून वाट्याला तिसरे स्थान आले. त्याच वर्षी जर्मन चषकाच्या अंतिम सामन्यात बायर्नकडून पेनल्टी शूटआऊटमध्ये हार झाली. १९८५ च्या अखेरीस रेआल माद्रिदला ५-१ असे नमवूनही माद्रिदमध्ये ०-४ ने हरून संघ बाहेर पडला. आठ वर्षांत एकही चषक आला नाही. प्रत्येक प्रसंगाला दुर्दैव म्हणता येईल, पण दुर्दैव इतक्या नियमितपणे आणि एकाच दिशेने येत नाही.

१९८७ मध्ये ते बायर्न म्युनिकला गेले. १९८९ आणि १९९० अशी लागोपाठ दोन विजेतेपदे मिळूनही ऑक्टोबर १९९१ मध्ये त्यांना काढण्यात आले. ही आपली सर्वांत मोठी चूक होती, असे व्यवस्थापक उली ह्योनेस यांनी पुढे अनेकदा मान्य केले. बिलबावमधील दोन वर्षांनंतर हाइंकेस १९९४ मध्ये फ्रँकफुर्टला आले. येबोआ, ओकोचा आणि गाउडिनो या संघातील सर्वांत गुणी खेळाडूंशी शिस्तीवरून त्यांचा उघड संघर्ष झाला आणि मोसम संपण्याआधीच ते पायउतार झाले. त्यांच्या कारकिर्दीतील ही सर्वांत अपयशी नेमणूक मानावी लागेल. नियम त्यांच्या बाजूने असतीलही, पण तारांकित खेळाडूकडून कष्टाचे काम करून घ्यायचे तर हुकूम पुरत नाही, हे तेथे दिसले. टेनेरिफ या छोट्या बेटावरील क्लबाला स्पेनमध्ये पाचवे स्थान आणि यूएफा चषकाची उपांत्य फेरी मिळवून दिल्यावर १९९७ मध्ये रेआल माद्रिदने त्यांना बोलावले. चँपियन्स लीगच्या बाद फेरीत लेव्हरकुसेन, डॉर्टमुंड आणि अंतिम सामन्यात झिदानचा युव्हेंटस अशा पाच सामन्यांत माद्रिदने एकच गोल खाल्ला. ॲमस्टरडॅममध्ये मियातोविचच्या एकमेव गोलाने ३२ वर्षांनी चषक माद्रिदला परतला. देशातील साखळीत संघ चौथा आला आणि आठवडाभरातच हाइंकेस यांची रवानगी झाली.

हाइंकेस यांचे यश गोल न खाण्याच्या शिकवणीत होते, या मांडणीवर पहिला आक्षेप असा की, मधली वर्षे तिच्यात बसत नाहीत. बेनफिका, पुन्हा बिलबाव, शाल्के आणि २००६-०७ मध्ये पुन्हा ग्लाडबाख येथे काही मोठे घडले नाही. ग्लाडबाख तर त्या मोसमात, हाइंकेस जानेवारीत सोडून गेल्यावर, खालच्या श्रेणीत घसरले. आक्षेप खरा आहे. हाइंकेस यांची पद्धत दुबळ्या संघाला तारणारी नव्हती. बचावात सगळ्यांनी राबायचे तर सगळ्यांची तेवढी कुवत लागते. पण केवळ श्रीमंत क्लबातच ती चालली असेही नाही. २००९-१० मध्ये लेव्हरकुसेनने त्यांच्या हाताखाली पहिल्या २४ साखळी सामन्यांत हार पाहिली नाही, आणि पुढच्या वर्षी त्यांनी दुसरे स्थान मिळवले.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. २०१३ चे बायर्न आधीचे प्रशिक्षक लुई फान हाल यांनी घडवले, पैशाने मजबूत केले आणि हाइंकेस यांना आयते मिळाले, असे म्हटले जाते. चेंडू ताब्यात ठेवण्याची घडी फान हाल यांची होती, हे नाकारता येत नाही. पण त्यांच्या अखेरच्या मोसमात, २०१०-११ मध्ये, त्या संघाने ८१ गोल करून ४० खाल्ले होते. त्यानंतर हाइंकेस पुन्हा बायर्नला आल्यावर खाल्लेल्या गोलांचा हा आकडा २२ आणि मग १८ वर आला. गोलरक्षक नॉयर आणि बोआटेंग २०११ मध्ये आले, आणि पुढच्या वर्षी बिलबावहून ४ कोटी युरोंना हावी मार्तिनेस, हे त्याचे अर्धे कारण. उरलेले अर्धे रॉबेन आणि रिबेरी यांच्या पायांत होते. चेंडू गमावताच हे दोघे आपल्या बगलेचा बचाव करायला मागे धावू लागले आणि मांझुकिच समोरच्या बचावपटूंवर तुटून पडू लागला. फ्रँकफुर्टमध्ये जे हुकमाने साधले नव्हते ते येथे घडले.

नुसत्या खेळाडूंनी काम भागत असते, तर २०१२ मध्येच भागले असते. त्या वर्षी हाच संघ साखळीत दुसरा आला आणि जर्मन चषकाचा अंतिम सामना डॉर्टमुंडकडून ५-२ ने हरला. चँपियन्स लीगच्या अंतिम सामन्यात, स्वतःच्याच मैदानावर, बायर्नला वीस कॉर्नर मिळाले आणि चेल्सीला एक. त्या एकावर ८८ व्या मिनिटाला ड्रोग्बाने बरोबरी साधली, जादा वेळेत रॉबेनची पेनल्टी अडवली गेली आणि शूटआऊटमध्ये चषक गेला. इतके करूनही निसटण्याची जुनी गोष्ट ६७ वर्षांच्या प्रशिक्षकापुढे पुन्हा उभी होती. पुढच्या मोसमात ९८ गोल, ९१ गुण आणि सहा फेऱ्या राखून विजेतेपद मिळाले. उपांत्य फेरीत बार्सिलोनाला दोन सामन्यांत मिळून ७-० असे हरवले. वेंब्लीवर डॉर्टमुंडविरुद्ध ८९ व्या मिनिटाला रॉबेनने विजयी गोल केला आणि आठवड्याभरात स्टुटगार्टला ३-२ ने हरवून जर्मन पुरुष फुटबॉलमधील पहिले तिहेरी विजेतेपद पूर्ण झाले. ९८ गोल करणाऱ्या संघाला बचावासाठी नावाजणे उफराटे वाटेल. पण ग्लाडबाखनेही ढीगभर गोल केले होते. फरक दुसऱ्या रकान्यात होता. गार्डिओला आपली जागा घेणार हे जानेवारीतच जाहीर झालेले असताना हाइंकेस यांनी हे साधले. फिफाने त्यांना २०१३ चे सर्वोत्तम प्रशिक्षक ठरवले.

ऑक्टोबर २०१७ मध्ये, अँचेलोत्ती यांना काढल्यावर, बायर्नने ७२ वर्षांच्या हाइंकेस यांना निवृत्तीतून परत बोलावले. साखळी सहज जिंकली. चँपियन्स लीगच्या उपांत्य फेरीत रेआल माद्रिदविरुद्ध संघ वरचढ खेळूनही एकूण ३-४ ने बाहेर पडला. माद्रिदमधील एक गोल बायर्नचा बदली गोलरक्षक उलराइख याच्या घसरण्याने झाला होता. मे २०१८ मध्ये त्यांचा अखेरचा सामना जर्मन चषकाचा अंतिम सामना होता. समोर फ्रँकफुर्ट होते, आणि त्यांचे प्रशिक्षक निको कोवाच हेच पुढच्या मोसमापासून हाइंकेस यांच्या जागी येणार हे आधीच ठरले होते. फ्रँकफुर्टने तो ३-१ असा जिंकला.