घरात येणारी वीज केबल भिंतीतून सुरक्षित कशी आणायची? सर्व्हिस वायर, पाईप आणि आरसीसीबी समजून घ्या

चार्जर किती वॉटचा आहे, केबल ओरिजिनल आहे का, हे आपण दहा वेळा तपासतो. पण त्या चार्जरपर्यंत वीज आणणारी मुख्य वायर तुमच्या घरात नेमकी कुठून शिरते, हे कधी पाहिलंय का? गेल्या वर्षीपर्यंत मीही पाहिलं नव्हतं.

गणपतीला रत्नागिरी जिल्ह्यातल्या आमच्या गावच्या घरी गेलो होतो. पाऊस चालूच होता. आई म्हणाली, "पडवीतल्या तारेवर कपडे टाकताना हाताला मुंग्या येतात रे." मी लॅपटॉपमधून मान वर न करता म्हणालो, "स्टॅटिक असेल गं." मी इंजिनिअर आहे, पण कॉम्प्युटरचा. पहिल्या वर्षाला 'बेसिक इलेक्ट्रिकल' हा विषय होता, तो पास झालो, एवढाच माझा विजेशी संबंध. भर पावसात, एवढ्या दमट हवेत स्टॅटिक कुठून येणार, हेसुद्धा डोक्यात आलं नाही.

संध्याकाळी सहज म्हणून पडवीच्या लोखंडी खांबाला टेस्टर लावला, तर दिवा लागला. धावत जाऊन मेन स्विच बंद केला. घरात अंधार झाला, पण टेस्टर तसाच पेटलेला! तेव्हा मात्र पोटात गोळा आला. सगळ्यांना मागच्या दाराने बाहेर काढलं आणि तक्रार नोंदवली. लाइनमन आले आणि त्यांनी खांबावरून आमची लाइन सोडवली, तेव्हा कुठे तो दिवा विझला.

कारण दुसऱ्या दिवशी सापडलं. दोन वर्षांपूर्वी आम्ही पडवीला नवीन पावसाळी पत्रे टाकले होते. पत्रे बसवणाऱ्याने पत्रा थेट भिंतीपर्यंत नेला आणि खांबावरून येणारी वायर पत्र्याच्या कडेवरून, भिंतीच्या फटीतून तशीच आत जाऊ दिली. वारा आला की वायर हलायची आणि पत्र्याची धार तिच्यावर घासायची. दोन पावसाळ्यांत इन्सुलेशन कापलं गेलं. पत्रा, खांब आणि खांबाला बांधलेली कपड्यांची तार, सगळ्यात वीज उतरली.

मेन बंद केला तरी करंट का होता?

या लेखातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच आहे, त्यामुळे इथे थोडं थांबू.

खांबावरून मीटरपर्यंत येते ती सर्व्हिस वायर. मीटरनंतर मेन स्विच, एमसीबी, आरसीसीबी आणि मग घरातले बोर्ड. आरसीसीबी आत जाणारा आणि परत येणारा करंट सतत ताडून बघतो. घरासाठीच्या नेहमीच्या आरसीसीबीत या दोघांत ३० मिलिअँपिअरचा फरक पडला, म्हणजे कुठेतरी करंट गळतोय, की तो क्षणात सप्लाय तोडतो. माणसाला वाचवणारं हे उत्तम साधन आहे आणि प्रत्येक घरात हवंच.

पण तो फक्त त्याच्या पुढच्या वायरिंगकडे बघतो. आमची गळती त्याच्या मागे, मीटरच्याही आधी होती. तो करंट आरसीसीबीतून कधी गेलाच नाही, मग त्याला कळणार कसा? मी आमच्या वायरमन काकांना मोठ्या ऐटीत म्हणालो होतो, "काका, आरसीसीबी आहे की आपल्याकडे." ते म्हणाले, "तो घराला आहे रे. या वायरला कोण आहे?"

मग खांबावरचा किंवा मीटरजवळचा फ्यूज का उडाला नाही? साधं गणित करू. समजा पत्रा, खांब, ओली जमीन या मार्गाचा रोध २० ओहम आहे. २३० भागिले २० म्हणजे साडेअकरा अँपिअर. फ्यूजला हा करंट म्हणजे घरात एक मोठा गिझर चालू असल्यासारखा वाटतो. तो का उडेल? आणि माणसाच्या शरीराचा रोध १००० ओहम धरला तर त्याच २३० व्होल्टला २३० मिलिअँपिअर जातात. माणूस दगावायला एवढे पुरेसे आहेत. आईच्या पायात रबरी चपला होत्या, म्हणून मुंग्यांवर भागलं.

म्हणजे मीटरच्या आधीच्या वायरला माणूस वाचवणारं कुठलंही इलेक्ट्रॉनिक संरक्षण नाही. इन्सुलेशन आणि पाईप, एवढंच तिचं चिलखत. आणि ते फाटण्याची सगळ्यात मोठी शक्यता असते वायर भिंतीतून किंवा छपरातून आत शिरते तिथे.

कोणतं काम कोणाचं?

खांबापासून मीटरपर्यंतच्या वायरला आणि मीटरच्या सीलला आपण हात लावायचा नाही. ते काम वीज कंपनीचं. मीटरच्या पुढचं वायरिंग आपलं, पण ते परवानाधारक वायरमन किंवा ठेकेदारानेच करायचं. यूट्यूब बघून तर अजिबात नको. मेन बंद असला तरी मीटरकडून येणारी बाजू जिवंतच असते, हे वर बघितलंच.

आपलं काम काय, तर भिंत, भोक, पाईप आणि नीट लक्ष ठेवणं. काम चालू असताना समोर उभं राहून योग्य प्रश्न विचारले तरी खूप फरक पडतो. त्यासाठी पुढची माहिती.

भिंतीतलं भोक आणि पाईप

पहिला नियम: वायर थेट भिंतीतून कधीच न्यायची नाही. आधी पाईपचा तुकडा, मग त्यातून वायर. आमची भिंत चिऱ्याची आहे. चिरा खरखरीत असतो आणि पावसाळ्यात पाणी पितो. विटेच्या भिंतीतही भोकाची कड धारदारच राहते. कडक पीव्हीसी पाईप चालतो. बाहेर मार लागण्याची शक्यता असेल तर जीआय पाईप बरा, पण त्याची कापलेली कड ब्लेडसारखी असते. ती कानशीने घासून घ्यायची आणि तोंडावर बुश बसवायचा. जीआय पाईपला अर्थिंगही लागतं.

दुसरा नियम उताराचा. पाईप आतून बाहेर खाली उतरता हवा. उलटा झाला तर पावसाचं पाणी पाईपातून थेट बोर्डात येतं. आमच्या साधारण २३ सेंटिमीटर जाडीच्या भिंतीत बाहेरचं टोक दीड सेंटिमीटर खाली ठेवलं, म्हणजे जेमतेम चार अंश. भोक आतून बाहेर पाडलं की हा उतार आपोआप साधता येतो. मात्र ड्रिल लावण्याआधी त्या जागी जुनी वायर, पाण्याचा पाईप, बीम किंवा कॉलम नाही ना, याची खात्री करा.

तिसरी गोष्ट झोल. बाहेरून येणारी वायर पाईपच्या तोंडाखाली थोडी लोंबती ठेवून मग वर वळवून आत घालायची. पाणी वायरवरून ओघळतं आणि झोलाच्या सगळ्यात खालच्या जागी येऊन टपकतं. वर चढून आत जात नाही. फुकटातला उपाय आहे, तरी दहा घरं बघा, निम्म्या ठिकाणी दिसणार नाही. पाईपच्या बाहेरच्या टोकाला खाली तोंड केलेला बेंड लावला की अजून चांगलं.

पाईप जरा मोठा घ्या. वायर ठासून भरली की ओढताना सोलते आणि वापरात तापते. निम्म्याहून जास्त जागा मोकळी हवी. फेज आणि न्यूट्रल एकाच पाईपातून न्यायचे. लोखंडी पाईप असेल तर हे फारच महत्त्वाचं. दोन्ही तारा सोबत असल्या की त्यांची चुंबकीय क्षेत्रं एकमेकांना जवळपास रद्द करतात. वेगवेगळ्या लोखंडी पाईपातून नेल्या की पाईप तापू शकतो.

आणि भिंतीच्या आत जोड नको म्हणजे नकोच. विशेषतः ॲल्युमिनियम आणि तांब्याचा पीळ मारून केलेला जोड. दोन्ही धातू गरम झाल्यावर वेगवेगळ्या प्रमाणात प्रसरण पावतात, ओल लागली की गंजतात, जोड सैल होतो आणि तापतो. असा जोड योग्य लग किंवा कनेक्टर वापरून उघडता येईल अशा बॉक्समध्येच करायचा.

शेवटी फट बुजवणं. पाईपच्या भोवती सिमेंट चालेल, पण पाईपच्या आत वायरवर सिमेंट ओतायचं नाही. पुढे वायर बदलायची वेळ आली तर भिंत फोडावी लागेल. आतल्या टोकाला सिलिकॉन सीलंट पूर्ण भरा, म्हणजे पाली, मुंग्या, पाणी बंद. बाहेरच्या टोकाला खाली अगदी बारीक फट सोडली तर आत जमलेला दमटपणा निघून जातो.

वायर कोणती?

तुमच्या वीजबिलावर मंजूर भार लिहिलेला असतो. १ किलोवॅट म्हणजे २३० व्होल्टला सुमारे ४.३ अँपिअर. ५ किलोवॅट म्हणजे जवळपास २२ अँपिअर. त्या हिशोबाने जाडी वायरमनला ठरवू द्या. आमच्याकडे मीटरपासून आत ६ चौरस मिलिमीटरची तांब्याची वायर घेतली. मात्र आधी एसी, मग इंडक्शन, मग ई-स्कूटरचा चार्जर असं करत भार वाढतो आणि वायर तीच राहते. भार वाढवून घेतला तर वायरही तपासून घ्या.

पीव्हीसी वायरवर आयएस ६९४ आणि आयएसआय मार्क असतो. मार्कसोबतचा सीएम/एल ने सुरू होणारा लायसन्स नंबर 'बीआयएस केअर' ॲपमध्ये टाकला की तो लायसन्स कोणाचा आहे ते कळतं. दुकानातच उभ्या उभ्या करा, मिनिटभराचं काम आहे. दुकानदार जरा वैतागतो, वैतागू दे.

केबल जमिनीखालून आणायची असेल तर आर्मर्ड केबल, साधारण पाऊण मीटर खोल, खाली-वर वाळू आणि वर विटांचा थर. पुढे कोणी खोदलं तर कुदळ आधी विटेला लागते. भिंतीतली पाईप, उतार, सील ही पद्धत तीच.

आम्ही शेवटी काय केलं?

मीटर आधी आत ओटीवर होता, म्हणजे विनासंरक्षण वायर भिंत ओलांडून घरात येत होती. वीज कंपनीकडे अर्ज करून मीटर बाहेरच्या भिंतीवर घेतला. त्याच्याच बाजूला पाणी न शिरणाऱ्या बॉक्समध्ये दोन पोलचा एमसीबी आणि आरसीसीबी बसवला, आणि तिथून पुढे पाईपातून वायर आत घेतली. आता भिंतीत शिरणारा प्रत्येक इंच आरसीसीबीच्या पुढे आहे. हाच बदल मला सगळ्यात पटला. नवीन घर बांधत असाल तर सुरुवातीलाच असं मागा.

सर्व्हिस वायरसाठी भिंतीवर उंच जीआय पाईप उभा करून घेतला. वायर आता पत्र्याला कुठेही टेकत नाही. पत्र्याच्या सांगाड्याला वेगळं अर्थिंगही केलं.

घरावरून किंवा जवळून वीज कंपनीच्या उघड्या तारा जात असतील तर पत्रा किंवा स्लॅब वाढवण्याआधी अंतर मोजून घ्यायला सांगा. नेहमीच्या लघुदाब लाइनसाठी नियमाने वर किमान २.५ मीटर आणि बाजूला किमान १.२ मीटर अंतर लागतं.

फोन कुठे उपयोगी, कुठे नाही?

पाईपचा उतार बघायला फोनमधलं स्पिरिट लेव्हल मस्त चालतं. प्लास्टर करण्याआधी भिंतीवर टेप लावून फोटो काढून ठेवा, पुढे खिळा ठोकताना वायर कुठे आहे ते कळेल. आणि शिडी न लावता, जमिनीवरूनच कॅमेरा झूम करून वायर घरात शिरते त्या जागेचा फोटो काढा. वायर पत्र्याला, खिडकीच्या गजाला किंवा झाडाच्या फांदीला टेकलीय का, काळी पडलीय का, भेगाळलीय का, ते मोठं करून बघा. संशय आला तर तोच फोटो वायरमनला पाठवा.

पण फोनने 'भिंतीतला करंट शोधणारी' ॲप्स कृपया वापरू नका. ती फोनमधल्या मॅग्नेटोमीटरवर चालतात, जो होकायंत्रासाठी असतो. चुंबकीय क्षेत्र करंट वाहताना तयार होतं. वायर जिवंत आहे पण उपकरण बंद आहे, तर फोनला काहीच दिसणार नाही. टेस्टरसुद्धा 'करंट आहे' एवढंच सांगायला बरा. नाही पेटला म्हणून वायर मेलेली आहे असं धरू नका.

पत्रा, खांब, ओली भिंत किंवा नळाला हात लावल्यावर जरासुद्धा झिणझिण्या आल्या, तर पुन्हा लावून बघायचं नाही. मेन बंद करा, तरीही तिथून सगळ्यांना लांब ठेवा आणि १९१२ वर किंवा तुमच्या वीज कंपनीच्या ॲपवर तक्रार नोंदवा. कोणी चिकटलेलं असेल तर त्याला हाताने ओढू नका. आधी वीज तोडा. फॉल्ट मीटरच्या मागे असेल तर मेन बंद करूनही वीज जात नाही, तेव्हा कोरड्या लाकडी काठीने किंवा प्लास्टिकच्या खुर्चीने ढकलून त्याला सोडवा, आणि ते करताना स्वतः कोरड्या जागी उभे राहा.

आईने पडवीतली लोखंडी तार काढून टाकली. आता तिथे नायलॉनची दोरी आहे.