कॉन्सलला नगराध्यक्ष म्हणणारा इतिहासकार

एका जाहीर व्याख्यानातून रोमच्या इतिहासाचा मोठा ग्रंथ जन्माला आला, असं सांगितलं तर खरं वाटेल? थिओडोर मोमसेन हे जर्मनीतल्या लाइपझिगमध्ये कायद्याचे तरुण प्राध्यापक होते. तिथं त्यांनी ग्राकस बंधूंवर व्याख्यान दिलं. गरिबांना जमीन मिळावी म्हणून झगडलेले आणि त्यापायी जिवाला मुकलेले हे दोघे रोमन भाऊ. श्रोत्यांत कार्ल रायमर आणि सालोमन हिर्त्सेल हे प्रकाशक बसले होते. रोमचा इतिहास तुम्हीच लिहा, असा आग्रह त्यांनी धरला.

पुढं १८४९ च्या राजकीय आंदोलनातल्या सहभागामुळे, १८५१ मध्ये मोमसेन यांची नोकरी गेली. लेखणी मात्र थांबली नाही. १८५४ ते १८५६ या काळात तीन खंड प्रसिद्ध झाले.

त्यांची भाषा वाचून पंडितांच्या भुवया उंचावल्या. रोमच्या कॉन्सलला मोमसेन चक्क ‘नगराध्यक्ष’ म्हणत होते! प्राचीन माणसांना चौथऱ्यावरून उतरवून वाचकांच्या जगात आणायचं, हा त्यांचा हेतू होता. त्यांचं ज्ञान उथळ होतं असं मात्र कुणी म्हणू नये. लॅटिन शिलालेखांचा प्रचंड संग्रह सिद्ध करण्याच्या कामाचे ते प्रमुख सूत्रधार होते.

पण ओळखीच्या शब्दांबरोबर आजचं राजकारणही इतिहासात शिरतं. मोमसेन यांनी ज्युलियस सीझरला अक्षरशः डोक्यावर घेतलं होतं. इकडे फ्रान्समध्ये तिसरा नेपोलियन प्रजासत्ताक मोडून १८५२ मध्ये सम्राट झाला होता. मग सीझरची स्तुती म्हणजे हुकूमशाहीची भलामण, असा अर्थ कुणी काढला तर? १८५७ च्या दुसऱ्या आवृत्तीत मोमसेन यांनी मजकूर वाढवून बजावलं, की सीझरचं कौतुक हे नव्या सीझरशाहीचं समर्थन नव्हे. पुढं बिस्मार्कवर टीका केल्याबद्दल त्यांच्यावर बदनामीचा खटला झाला. त्यातून ते निर्दोष सुटले.

वाचकांशी जवळीक साधणाऱ्या इतिहासकारावर ही जबाबदारी येतेच. आपल्या शब्दांचा लोक काय अर्थ घेतील, याकडे त्याला लक्ष ठेवावं लागतं.

तिसरा खंड इ.स.पू. ४६ पाशी थांबतो. १८८५ मध्ये रोमच्या प्रांतांवरचा पाचवा खंड आला. सम्राटांवरचा चौथा मात्र त्यांनी लिहिलाच नाही. तरीही १९०२ चं साहित्याचं नोबेल पारितोषिक त्यांना मिळालं, ते या इतिहासाचा खास उल्लेख करून. पुढच्याच वर्षी ते निवर्तले.

सम्राटांवर ते बर्लिनच्या विद्यापीठात व्याख्यानं मात्र देत असत. ती ऐकणाऱ्या सेबास्टियन आणि पॉल हेन्सेल या पितापुत्रांनी टिपणं काढली होती. १९८० मध्ये न्युरेंबर्गच्या एका जुन्या पुस्तकांच्या दुकानात ती सापडली आणि १९९२ मध्ये छापली गेली. व्याख्यानातून सुरू झालेल्या ग्रंथाची उणीव अखेर श्रोत्यांच्या वहीनंच थोडीफार भरून काढली.

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)