सोंग आणि सामर्थ्य : केन कोसुगी

नटानें रंगभूमीवर सिंह मारला तर प्रेक्षक टाळ्या वाजवितात. परंतु तोच नट घरीं परततांना वाटेंतल्या कुत्र्याला भ्याला, तरी त्याबद्दल त्याला कोणी जाब विचारीत नाहीं. शौर्य सोंगापुरतें असावें, हा नट आणि प्रेक्षक यांच्यामधील फार जुना करार आहे. विसाव्या शतकाच्या अखेरीस जपानांत हा करार कांहीं काळ बाजूला ठेवला गेला. पडद्यावर निंजाचें काम करणाऱ्या एका तरुण नटाला दूरचित्रवाणीनें उघड्या मैदानांत उभें केलें आणि तुझें खरें सामर्थ्य किती, असें सर्व देशासमोर विचारलें. त्या नटाचें नांव केन कोसुगी. त्याची हकीगत एका नटाची तर आहेच. परंतु निंजा नांवाच्या कल्पनेनें काळाच्या ओघांत कोणकोणतीं रूपें घेतलीं, याचाही इतिहास तींत सांपडतो.

इतिहासांतील निंजा हा कथेंतील निंजापेक्षां पुष्कळच साधा माणूस होता. इगा आणि कोका या डोंगराळ मुलखांतील कांहीं घराणीं पंधराव्या व सोळाव्या शतकांतील यादवीच्या काळांत हेरगिरीसाठीं प्रसिद्ध होतीं. शत्रूच्या गोटांत शिरणें, बातमी काढणें, प्रसंगीं आग लावून गोंधळ उडविणें आणि जिवंत परत येणें, हें त्यांचें काम. ज्याचें काम उत्तम साधलें त्याचें नांव कोणाला कळूं नये, अशीच त्या धंद्याची रीत होती. पुढें सतराव्या शतकाच्या आरंभीं तोकुगावा घराण्याची सत्ता स्थिर झाली, अडीचशें वर्षें देशांत शांतता नांदली, आणि या हेरांना करण्यासारखें काम फारसें उरलें नाहीं. परंतु काम आटलें त्याच सुमारास गोष्टी वाढूं लागल्या. प्रत्यक्ष माणूस दृष्टीआड झाला कीं त्याच्या पराक्रमाला मर्यादा राहत नाहीं, हा अनुभव सर्वच देशांत येतो.

या गोष्टींना आधुनिक रूप दिलें तें ओसाका शहरांतील एका ग्रंथमालेनें. १९११ च्या सुमारास तात्सुकावा बुंको या नांवानें खिशांत मावतील अशीं लहान, स्वस्त पुस्तकें निघूं लागलीं. आपल्याकडील कथेकऱ्यांप्रमाणें जपानांतही बैठकीवर बसून वीरकथा सांगणारांची परंपरा होती. तिच्यांतूनच हीं पुस्तकें जन्मलीं. दुकानांतून उमेदवारी करणारीं पोरें तीं हातोहात घेत. या मालेनें ज्याला घरोघरीं पोंचविलें तो सारुतोबी सासुके. सारु म्हणजे वानर आणि तोबी म्हणजे उडी. १६१५ मध्यें ओसाकाच्या वेढ्यांत पडलेला सरदार सानादा युकिमुरा हा ऐतिहासिक पुरुष. परंतु त्याच्या दहा शूर सेवकांमध्यें गणला जाणारा हा वानरउडीचा सासुके कल्पनेंतला. वाचकांना मात्र हा भेद मुळींच जाचला नाहीं. धन्यापेक्षां सेवकच त्यांच्या अधिक जिव्हाळ्याचा झाला.

त्याच सुमारास चित्रपट आला. जपानचा पहिला लोकप्रिय चित्रनट ओनोए मात्सुनोसुके यानें दिग्दर्शक माकिनो शोझो याच्या हाताखालीं शेंकडों चित्रपटांत कामें केलीं, आणि त्यांत निंजाचीं सोंगें पुष्कळ होतीं. कॅमेरा थांबवावयाचा, नटानें बाजूला व्हावयाचें, पुन्हां कॅमेरा चालू करावयाचा. एवढ्या युक्तीनें पडद्यावरील वीर धुरांत अंतर्धान पावे. १९२१ च्या सुमाराच्या एका चित्रपटांत मात्सुनोसुकेनें जिराइया नांवाच्या मायावी वीराची भूमिका केली. हा जिराइया मंत्रबळानें प्रचंड बेडकाचें रूप घेई. तें पाहून मुलें वेडीं झालीं. म्हणजे पडद्यावरील निंजाच्या सामर्थ्याचा उगम यंत्राच्या करामतींत होता. नटाच्या शरीरानें त्यांत फार मोठा वांटा उचलावा, अशी अपेक्षाच नव्हती.

ही कल्पना समुद्र ओलांडून अमेरिकेंत गेली, तेव्हां तिच्यांत एक महत्त्वाचा बदल झाला. १९४८ मध्यें तोक्यो येथें जन्मलेला शो कोसुगी हा तरुण लॉस एंजल्सला जाऊन स्थायिक झाला. तो युद्धकलेंत निष्णात होता. १९८१ मध्यें निघालेल्या ‘एंटर द निंजा’ या चित्रपटांत नायकाचें काम फ्रँको नीरो या इटालियन नटाकडे होतें आणि कोसुगीकडे खलनायकाचें. पण प्रेक्षकांच्या लक्षांत राहिला तो खलनायक, कारण त्याच्या हालचाली खऱ्या होत्या. दोन वर्षांनीं ‘रिव्हेंज ऑफ द निंजा’ या चित्रपटांत तो स्वतः नायक झाला, आणि त्यांतील नायकाच्या लहान मुलाचें काम त्याच्या मुलानेंच केलें. तो मुलगा केन. त्याचा जन्म १९७४ चा, लॉस एंजल्समधला. वडिलांच्या हाताखालीं अगदीं लहानपणापासून त्याचें शिक्षण झालें होतें. १९८५ च्या ‘प्रे फॉर डेथ’ या चित्रपटांत त्याचा धाकटा भाऊ शेन हाही त्याच्याबरोबर होता. कीर्तनकाराच्या घरांत मुलाच्या हातीं झांजा याव्या, तशी या घरांत मुलाच्या हातीं निंजाची तलवार आली.

मोठा झाल्यावर केन उलट दिशेनें निघाला. अमेरिकेंत चित्रित झालेल्या एका अल्ट्रामॅन मालिकेंत १९९३ मध्यें त्यानें प्रमुख भूमिका केली. आणि १९९४ मध्यें जपानी दूरचित्रवाणीवरील ‘निंजा सेंताई काकुरेंजर’ या मुलांच्या मालिकेंत तो दिसूं लागला. या मालिकेंत पांच निंजा वीर होते. तांबड्या वेषाचा वीर सारुतोबी सासुकेचा वंशज म्हणून सासुके, आणि काळ्या वेषाचा वीर जिराइया. मात्सुनोसुकेच्या त्या जुन्या भूमिकेचें नांव सत्तरांहून अधिक वर्षांनीं केन कोसुगीकडे आलें. मौज अशी कीं, हा नवा जिराइया अमेरिकेंत वाढलेला आणि इंग्रजी बोलणारा दाखविला होता. अमेरिकेंत ज्या घराला जपानी म्हणून ओळखीत, त्याच घरचा मुलगा जपानांत अमेरिकेहून आलेला पाहुणा ठरला. नटाच्या बाबतींत ही स्थिति अवघड असते. कारण भाषा हेंच त्याचें पहिलें हत्यार. तें हत्यार जेथें अपुरें पडलें, तेथें केनच्या शरीरानें त्याची उणीव भरून काढली.

त्या काळीं जपानी दूरचित्रवाणीवर शारीरिक स्पर्धांची लाट आली होती. तोक्योच्या टीबीएस वाहिनीवर १९९५ मध्यें ‘किन्निकु बांझुके’ हा कार्यक्रम सुरू झाला. बांझुके म्हणजे सुमो मल्लांची दर्जेवार यादी, आणि किन्निकु म्हणजे स्नायू. त्याच वाहिनीवर ‘स्पोर्टस्‌मन नंबर वन’ या नांवाच्या स्पर्धा होत आणि त्यांची एक शाखा केवळ नट, गायक, विनोदकार अशा मंडळींसाठीं असे. एकावर एक खण रचलेल्या उंच पेटीवरून उडी मारणें, जड पिंप डोक्यावरून मागें उंच फेकणें, असे हे खेळ. यांत केन कोसुगी एकाहून अधिक वेळां विजयी झाला. पडद्यावर पाहिलेली उडी तोच माणूस तारेच्या आधाराशिवाय मारतो, हें लोकांनीं डोळ्यांनीं पाहिलें.

परंतु त्याची खरी कसोटी दुसऱ्याच मैदानावर होती. २६ सप्टेंबर १९९७ रोजीं किन्निकु बांझुकेची शाखा म्हणून एक नवी स्पर्धा दाखविण्यांत आली. तिचें नांव ‘सासुके’, म्हणजे त्या जुन्या वानरउडीच्या वीराचेंच. पहिल्या खेपेनंतर ती योकोहामाच्या मिदोरियामा येथील चित्रणभूमीवर होऊं लागली. शंभर स्पर्धक, चार टप्पे, आणि पाण्यावर वा चिखलावर उभारलेले अडथळे. येथें प्रतिस्पर्धी असा कोणी नसतो. भिंत, दोर, फळी आणि घड्याळ हेच शत्रू. तिसऱ्या टप्प्यांत तर केवळ हातांवर भार. अवघ्या तीन सेंटिमीटरच्या कडेला बोटें अडकवून पुढें सरकावयाचें. शंभरांपैकीं एकानेंही शेवट गांठला नाहीं, तर ती स्पर्धा विजेत्याविना संपते, आणि बहुतेक वेळां तसेंच होतें.

याच मिदोरियामा भूमीवर १९८६ ते १९९० या काळांत ‘ताकेशीचा किल्ला’ हा खेळही चित्रित होई. जावेद जाफरी यांच्या हिंदी समालोचनासह तो पुढें भारतांत दाखविला गेला आणि महाराष्ट्रांतल्या अनेक घरांतील मुलें त्यावर खळखळून हंसलीं. त्या खेळांत माणूस पाण्यांत पडला कीं हंसूं येई. तो पडावा म्हणूनच खेळ रचलेला होता. सासुकेमध्यें माणूस पडला कीं पाहणाराचा श्वास अडकतो. भूमि तीच, पाणीही तसेंच. मग हा फरक कां पडावा? पहिल्या खेळांत पडणाराला आपण क्षणभरच पाहतों. दुसऱ्या खेळांत त्याचें गांव, त्याचा धंदा, त्याचा वर्षभराचा सराव, हें सारें आधीं कळलेलें असतें. त्याचें पडणें म्हणजे एका वर्षाचें पडणें होय.

या स्पर्धेचा पहिला विजेता १९९९ मध्यें, चौथ्या खेपेस मिळाला. पंधरा मीटरांचा दोर तीस सेकंदांच्या आंत चढून जाणारा हा आकियामा काझुहिको पूर्वीं खेकडे पकडण्याच्या नौकेवर काम केलेला, अधू दृष्टीचा मनुष्य होता. २००६ मध्यें दुसरा विजेता झाला तो नागानो माकोतो, मासेमारी नौकेचा कप्तान. तसेंच यामादा कात्सुमी या स्पर्धकानें वर्षानुवर्षें प्रयत्न केला, १९९९ मध्यें अखेरच्या टप्प्यापर्यंत मजल मारली, परंतु विजय त्याला कधींच लाभला नाहीं. आणि जपानी प्रेक्षकांनीं त्याच्यावर विजेत्यांइतकेंच प्रेम केलें.

अशा माणसांच्या रांगेंत केन कोसुगी उभा राहिला. कोळ्याला अथवा कारागिराला येथें गमावण्यासारखें नांव नव्हतें. नटाला तें होतें. निंजाची भूमिका हाच ज्याच्या उपजीविकेचा आधार, तो निंजाच्या नांवानें चाललेल्या स्पर्धेंत पाण्यांत पडला, तर पुढच्या चित्रपटांत त्याच्या उडीवर कोण विश्वास ठेवणार? चित्रपटांत चुकलेली उडी पुन्हां घेतां येते. येथें ती सोय नव्हती. २००१ मधील आठव्या खेपेस तो तिसऱ्या टप्प्याच्या अगदीं शेवटच्या अडथळ्यापर्यंत पोंचला. हातांनीं नळी धरून रुळांवरून सरकत जावयाचें आणि अखेरीस पलीकडच्या कठड्यावर झेप घ्यावयाची. ती झेप अपुरी पडली आणि तो खालीं कोसळला. त्या खेपेस त्याच्याइतका दूर दुसरा कोणीही गेला नव्हता.

या हारेनें त्याचें नांव गेलें नाहीं. उलट तें पक्कें झालें. मात्सुनोसुके धुरांत अदृश्य होई तेव्हां प्रेक्षक चकित होत, परंतु त्या चमत्कारांत नटाला इजा होण्याचा संभव नव्हता. केन कोसुगी पडला तेव्हां, तो पडूं शकतो एवढेंच लोकांना कळलें असें नाहीं. त्याआधीं तो जेवढें चढला होता तें सर्व खरें होतें, हेंही त्याच क्षणीं सिद्ध झालें.

या खरेपणाची किंमत मात्र लहान नसते. २००२ मध्यें किन्निकु बांझुकेच्या चित्रणाच्या वेळीं स्पर्धक गंभीर जखमी झाले आणि तो लोकप्रिय कार्यक्रम बंद करावा लागला. सासुके ही स्पर्धा पुढें स्वतंत्रपणें चालू राहिली. तथापि प्रेक्षकांची करमणूक आणि स्पर्धकाचा कणा यांमध्यें अंतर किती थोडें असतें, याची जाणीव त्या घटनेनें करून दिली. तारेवर लोंबकळणाऱ्या नटाचें सोंग ज्यांना पोरकट वाटे, त्यांनाही त्या तारेचें मोल तेव्हां उमगलें असेल.

पुढें केन कोसुगी पुन्हां मुख्यतः चित्रपटांकडे वळला. २००४ च्या ‘गॉडझिला : फायनल वॉर्स’मध्यें आणि २०१३ च्या एका अमेरिकन निंजापटांत त्यानें भूमिका केल्या. इकडे सासुकेची कल्पना देशोदेशीं पसरली. २००९ मध्यें अमेरिकेंत ‘अमेरिकन निंजा वॉरियर’ हा तिचा अवतार सुरू झाला. याहूनही आश्चर्याची गोष्ट ऑलिंपिकमध्यें घडली. आधुनिक पंचक्रीडेंतील घोडदौड २०२४ च्या पॅरिस स्पर्धेनंतर वगळण्यांत आली आणि तिच्या जागीं अडथळ्यांची शर्यत ठरविण्यांत आली. ही शर्यत प्रथम २०२८ च्या ऑलिंपिकमध्यें व्हावयाची, आणि त्या ऑलिंपिकचें स्थान लॉस एंजल्स, केन कोसुगीचें जन्मगांव.

ओसाकाच्या दुकानांतील उमेदवार पोरांनीं दिव्याच्या उजेडांत वाचलेली वानरउडी अशा रीतीनें कथेंतून चित्रपटांत, चित्रपटांतून मैदानांत आणि मैदानांतून ऑलिंपिकच्या दारापर्यंत आली. या प्रवासांत एका टप्प्यावर ती उडी कोणीतरी स्वतःच्या अंगानें मारून पाहणें आवश्यक होतें. कोळ्यांनीं ती मारली, कारागिरांनीं मारली. आणि ज्याला ती न मारतांही सोंगावर निभावतां आलें असतें, त्या नटानेंही मारली. शेवटच्या कठड्याला त्याची झेप पुरली नाहीं. तरी सोंग उतरवून तो त्या कठड्यापर्यंत गेला होता, हें ज्यांनीं पाहिलें ते विसरले नाहींत.