मॅसिडोनिया समाजवादी प्रजासत्ताक

युगोस्लाव्हिया या समाजवादी संघराज्यातील सहा घटक प्रजासत्ताकांपैकी सर्वांत दक्षिणेकडील प्रजासत्ताक (१९४४–९१). क्षेत्रफळ २५,७१३ चौ. किमी.; राजधानी वार्दार नदीकाठचे स्कोप्ये. मदर तेरेसा यांचे हे जन्मगाव. मात्र त्यांच्या जन्मवेळी, १९१० मध्ये, ते ऑटोमन साम्राज्यात होते.

बाल्कन युद्धांत (१९१२–१३) तुर्कांची सत्ता गेली आणि सर्बिया, ग्रीस व बल्गेरिया यांनी मॅसिडोनिया वाटून घेतला. वार्दारचे खोरे सर्बियाकडे गेले. बेलग्रेडच्या लेखी ते ‘दक्षिण सर्बिया’ होते. सोफियाच्या लेखी तेथील स्लाव्ह प्रजा बल्गेरियन होती. दुसऱ्या महायुद्धात, १९४१ मध्ये बल्गेरियन फौजा आल्या, तेव्हा काहींनी त्यांचे स्वागतही केले; पण सोफियाहून आलेल्या अंमलदारांनी ही आस्था लवकरच घालवली. मार्च १९४३ मध्ये स्कोप्ये, बितोला व श्तिप येथील सात हजारांवर ज्यूंना ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत धाडण्यात आले.

नोव्हेंबर १९४३ मध्ये यायत्से येथील अधिवेशनात टिटोंच्या नेतृत्वाखालील प्रतिकार चळवळीने संघराज्याचा आराखडा मान्य केला आणि त्यात मॅसिडोनियाला स्वतंत्र घटकाचे स्थान दिले. यामागे तत्त्व होते तसा हिशेबही होता : मॅसिडोनियन हे निराळे राष्ट्र मानले, की सर्बिया व बल्गेरिया या दोघांचाही दावा निकालात निघे. २ ऑगस्ट १९४४ रोजी प्रोहोर प्चिन्स्की मठात प्रतिनिधिसभा भरली आणि प्रजासत्ताकाची स्थापना झाली. १९०३ चा तुर्कांविरुद्धचा इलिंडेन उठाव याच तिथीचा. दिवस मुद्दाम निवडलेला होता. सभेचे अध्यक्ष मेतोदिया आंदोनोव्ह-चेंतो यांना अधिक स्वायत्तता हवी होती. १९४६ मध्ये त्यांना अटक होऊन अकरा वर्षांची शिक्षा झाली. सत्ता कम्युनिस्ट नेते लाझार कोलिशेव्स्की यांच्या हाती राहिली.

नव्या राज्याचे सर्वांत टिकाऊ काम भाषेचे. मे १९४५ मध्ये एकतीस अक्षरांची सिरिलिक वर्णमाला आणि जूनमध्ये शुद्धलेखनाचे नियम मंजूर झाले. वेलेस, प्रिलेप, बितोला या मध्यवर्ती भागातील बोलींचा आधार घेतल्याने प्रमाणभाषा सर्बियन व बल्गेरियन या दोहोंपासून वेगळी राहिली. कवी व भाषाशास्त्रज्ञ ब्लाझे कोनेस्की यांनी पुढे तिचे व्याकरण लिहिले. सरकारी ठरावातून जन्मलेली म्हणून तिला कृत्रिम ठरवणारे पुष्कळ आहेत. पण बोली लोकांच्या तोंडी होतीच आणि क्रस्ते मिसिर्कोव्ह यांनी १९०३ मध्येच अशा प्रमाणभाषेची मागणी केली होती. १९४९ मध्ये स्कोप्ये येथे विद्यापीठ निघाले. १९६७ मध्ये स्थानिक ऑर्थोडॉक्स चर्चने सर्बियन चर्चपासून स्वतंत्र झाल्याचे जाहीर केले. नास्तिक राजवटीचा त्याला पाठिंबा होता, हे विशेष.

२६ जुलै १९६३ रोजी पहाटे ५.१७ वाजता स्कोप्ये भूकंपाने उद्ध्वस्त झाले. हजाराहून अधिक माणसे दगावली. शीतयुद्धाच्या दोन्ही गटांतून मदत आली. मध्यवर्ती भागाचा आराखडा जपानी वास्तुविशारद केन्झो तांगे यांनी केला. त्यातील काही भागच प्रत्यक्षात उतरला. जुन्या रेल्वेस्थानकाचे घड्याळ भूकंपाच्याच वेळेवर थांबलेले ठेवले आहे.

अर्थव्यवस्था शेती, तंबाखू व खाणींवर उभी होती. कारखाने वाढले तरी प्रजासत्ताक मागासच राहिले. मागास भागांसाठीच्या संघीय निधीतून त्याला पैसा मिळे, बेकारी मात्र हटली नाही. पश्चिमेकडील अल्बेनियन वस्तीचा प्रश्नही धुमसत राहिला. १९८९ च्या घटनादुरुस्तीने प्रजासत्ताकाच्या व्याख्येतून अल्बेनियन व तुर्की समाजांचा उल्लेख वगळला. ही चूक महागात पडली : १९९१ च्या सार्वमतावर बहुतेक अल्बेनियनांनी बहिष्कार टाकला.

जून १९९१ मध्ये नावातून ‘समाजवादी’ हा शब्द गेला. ८ सप्टेंबरच्या सार्वमतात मतदान करणाऱ्यांपैकी सुमारे ९५ टक्क्यांनी स्वातंत्र्याच्या बाजूने कौल दिला. अध्यक्ष किरो ग्लिगोरोव्ह यांनी वाटाघाटी केल्या आणि मार्च १९९२ पर्यंत युगोस्लाव्ह सेना एकही लढाई न होता निघून गेली. क्रोएशिया व बोस्नियात त्याच सुमारास काय घडले ते पाहता या कामगिरीचे मोल कळते. ग्रीसचा ‘मॅसिडोनिया’ नावालाच विरोध असल्याने १९९३ मध्ये तात्पुरत्या नावाने संयुक्त राष्ट्रांचे सदस्यत्व मिळाले. २०१९ पासून देशाचे नाव ‘उत्तर मॅसिडोनिया’ आहे. बल्गेरियाशी भाषा व इतिहासावरून असलेला वाद मात्र अद्याप मिटलेला नाही.